आईच्या भूमिकेला होकार देण्यापूर्वी

पत्र : मी 37 वर्षांची अभिनेत्री आहे. गेली 12 वर्षे मालिका आणि चित्रपटांत सहायक भूमिका करते आहे. नायिकेची मैत्रीण, थोरली जाऊ, वकील, परिचारिका, सगळे करून झाले. आता एका दैनंदिन मालिकेत नायकाच्या आईसाठी विचारणा झाली आहे. नायकाचे काम करणारा नट 31 वर्षांचा आहे. करार दोन वर्षांचा असून त्या काळात दुसरे काम घ्यायचे नाही, अशी अट आहे. त्याच सुमारास एका चित्रपटात तुरुंगाच्या अधीक्षक बाईंची चार दृश्यांची भूमिका आली आहे. तिचे चित्रीकरण सहा दिवसांचे आहे आणि पैसे अगदी थोडे आहेत. एकदा आई केलीस की परत तरुण भूमिका मिळणार नाहीत, असे मैत्रिणी बजावतात. घरचे विचारतात की मुख्य भूमिका कधी मिळणार. खरे सांगायचे तर मलाही हाच प्रश्न छळतो. माझे नेमके काय चुकले, आणि आता मी काय करावे?

उत्तर :

आधी तुमच्या शेवटच्या प्रश्नाबद्दल लिहिते, कारण बाकीच्या दोन्ही निर्णयांवर त्याचीच छाया पडलेली दिसते. तुमचे काहीही चुकलेले नाही. ज्या व्यवसायात हातातले काम संपले की माणूस पुन्हा बेकार होतो, त्यात 12 वर्षे कोणी ना कोणी तुम्हाला बोलावत राहिले आहे. पात्रनिवडीच्या कामात मी बरीच वर्षे काढली आहेत आणि त्या अनुभवावरून खात्रीने सांगते की असे बोलावणे दयेपोटी येत नाही आणि केवळ ओळखीवर इतका काळ टिकतही नाही. सहायक भूमिकेसाठी एखादे नाव पुढे आले की आम्ही एकमेकांना मोजकेच विचारतो : बाई वेळेवर येतात का, संवाद पाठ करून येतात का, आणि त्यांच्यामुळे समोरच्याचे दृश्य उचलले जाते का. या प्रश्नांना ठिकठिकाणची माणसे परस्परांना न विचारता ‘हो’ म्हणतात, तेव्हाच फोन येत राहतो.

घरच्यांवर मात्र रागावू नका. सहायक भूमिका म्हणजे मुख्य भूमिकेच्या दारातली रांग, हा समज त्यांनी तयार केलेला नाही, या व्यवसायानेच तो पोसला आहे. ऑस्कर पुरस्कार 1929 पासून दिले जाऊ लागले, पण पहिल्या आठ समारंभांत सहायक अभिनयासाठी पुरस्कारच नव्हता. 1936 च्या चित्रपटांपासून तो सुरू झाला, तेव्हाही विजेत्याला मुख्य कलाकारांसारखी मूर्ती न देता फलकावर समाधान मानायला लावत, आणि पूर्ण आकाराची मूर्ती हाती पडायला 1944 साल उजाडावे लागले. आपले राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार 1954 मध्ये सुरू झाले, परंतु सहायक अभिनेता आणि सहायक अभिनेत्री हे विभाग त्यांत आले ते 1984 च्या चित्रपटांपासून. ज्या कामाची स्वतंत्र दखल घ्यायला खुद्द चित्रपटसृष्टीने इतका वेळ लावला, त्या कामाकडे तुमच्या आईवडिलांनी अर्धवट यश म्हणून पाहिले तर त्यांना दोष कसा देणार? पण तुम्ही स्वतः तसे मानू लागलात, तर नुकसान होईल, आणि ते मनापुरते राहणार नाही, तुमच्या कामात दिसेल. आपण रांगेत उभे आहोत असे ज्याला वाटते तो नट मिळालेल्या दोन मिनिटांत स्वतःला सिद्ध करायला धावतो. मग साधा निरोप सांगणारे पात्रसुद्धा काहीतरी करून दाखवू लागते, दृश्याचा तोल जातो आणि संकलनात सगळ्यात आधी त्याच्याच वाट्याला कात्री येते.

म्हणून भूमिका हाती आली की ती किती दृश्यांची आहे हे मोजण्याआधी एक पाहा : हे पात्र काढून टाकले तर दृश्य उभे राहते का? माझ्या मते सहायक भूमिकेची खरी लांबी हीच आहे. बीट्रिस स्ट्रेट या अभिनेत्रीला 1976 च्या ‘नेटवर्क’ चित्रपटासाठी ऑस्कर मिळाले, तेव्हा ती पडद्यावर सुमारे पाच मिनिटेच होती. पण नवऱ्याच्या तोंडून त्याच्या दुसऱ्या प्रेमाची कबुली ऐकणारी ती पत्नी नसती, तर त्या माणसाच्या वागण्याची किंमत कोण मोजते आहे हे प्रेक्षकाला कळलेच नसते. आपल्या जवळचे उदाहरण हवे असेल तर 2013 च्या ‘द लंचबॉक्स’मधल्या भारती आचरेकर आठवा. त्यांची देशपांडेबाई चित्रपटात एकदाही दिसत नाही, वरच्या मजल्यावरून फक्त तिचा आवाज येतो. तरीही ती बाई कशी असेल, तिचे घर कसे असेल, तिने किती सोसले असेल, हे प्रेक्षक बरोबर घेऊन बाहेर पडतो. नायिकेचा एकटेपणा आपल्याला कळतो तोही बराचसा त्या आवाजामुळेच.

एक प्रसंग सांगते. डॉक्टरच्या तीन वाक्यांच्या भूमिकेसाठी ऑडिशन चालू होत्या. शस्त्रक्रियेच्या खोलीतून बाहेर यायचे आणि थांबलेल्या मुलाला त्याचे वडील गेल्याचे सांगायचे, एवढाच प्रसंग होता. बहुतेक जणींनी पहिल्या शब्दापासून आवाज ओला केला, काहींनी मान खाली घातली, काहींनी मोठा श्वास घेतला. मग एक जण आली. तिने हातातल्या पेनाला टोपण लावून ते खिशात ठेवले, त्या मुलाला खुर्ची दाखवली आणि तो बसेपर्यंत थांबली. नंतर तिन्ही वाक्ये तिने सरळ, जराही न थरथरता उच्चारली. काय घडले आहे हे ती बोलण्यापूर्वीच खोलीतल्या सगळ्यांना समजले होते. तिने दुःख स्वतःकडे ओढून घेतले नाही, ज्याचे वडील गेले होते त्याला कोसळायला जागा करून दिली. समोर मुलाचे काम करणारा नट ऑडिशनपुरता आलेला एक सहायक होता, पण त्या वेळी त्याचाही चेहरा बदलला. तिचे नाव नक्की करायला कोणाला विचार करावा लागला नाही.

सेटवरचे एक सत्य तुम्हाला माहीत असेल, तरी त्याचा अर्थ पुन्हा एकदा पाहावा असे वाटते. दृश्याचा मास्टर, म्हणजे सगळे कलाकार दिसणारा पूर्ण दृश्याचा शॉट, आधी घेतला जातो, मग मुख्य कलाकारांचे क्लोज-अप होतात, आणि तुमचा क्लोज-अप यायची वेळ होते तेव्हा दिवस संपत आलेला असतो. नायक मेकअप उतरवायला गेलेला असतो आणि त्याचे संवाद एखादा सहायक दिग्दर्शक कागदावर पाहून सपाट आवाजात वाचत असतो. हे अन्यायाचे आहे, पण इतक्यात बदलणार नाही. तुमच्या हातात आहे ते दुसऱ्या बाजूला : कॅमेरा नायकावर असताना, तुम्ही चौकटीत नसताना, त्याला क्यू, म्हणजे त्याने ज्यावर बोलायचे ते तुमचे वाक्य, कसा देता. पूर्ण नजरेने, पूर्ण आवाजाने, डोळ्यांत खरे पाणी आणून क्यू देणारी अभिनेत्री मी पाहिली आहे. तिच्या त्या मेहनतीचा एक क्षणही चित्रित झाला नाही, पण समोरच्या नटाने पुढच्या कामासाठी तिचे नाव स्वतः सुचवले. बाहेरून पाहणाऱ्याला कधीच न दिसणारी ही मेहनत सहायक कलाकाराच्या नावलौकिकाचा मोठा भाग असते.

कंटिन्युइटीचे, म्हणजे एका शॉटमधल्या हालचाली दुसऱ्याशी जुळण्याचे, तसेच आहे. कोणत्या शब्दावर फाइल उघडली, कोणत्या शब्दावर चष्मा काढला, पेला डाव्या हातात होता की उजव्या, हे प्रत्येक टेकमध्ये जुळले नाही तर संकलकाला तुमचा शॉट जोडता येत नाही आणि इच्छा असूनही तो तुमच्याऐवजी नायकाच्या चेहऱ्यावर थांबतो. आपले शॉट कापले गेले म्हणून हळहळणाऱ्या अनेकांचे शॉट कोणी मत्सराने कापलेले नसतात, ते जुळतच नसतात. तुमचा एखादा ओळखीचा संकलक असेल, तर त्याच्या शेजारी बसून तुमच्याच जुन्या दृश्याचे सगळे टेक पाहण्याची परवानगी मागा. ऐकताना आपला चेहरा काय करतो, हे तेव्हा जितके स्पष्ट दिसते तितके कोणत्याही कार्यशाळेत दिसत नाही.

आता आईच्या भूमिकेबद्दल. तुमच्या मैत्रिणी म्हणतात ते खोटे नाही आणि तुमची भीती मी हलकी लेखणार नाही. निरुपा रॉय यांनी पौराणिक चित्रपटांच्या नायिका म्हणून नाव कमावले होते, पण 1975 च्या ‘दीवार’नंतर त्या प्रेक्षकांच्या मनात कायमच्या आई झाल्या. पडद्यावरच्या त्यांच्या थोरल्या मुलात आणि त्यांच्यात 11 वर्षांचे अंतर होते. रोहिणी हट्टंगडी यांनी ऐन तारुण्यात ‘गांधी’ चित्रपटात कस्तुरबा साकारल्या, त्यासाठी ब्रिटनचा बाफ्टा पुरस्कार मिळवला, आणि 1990 च्या ‘अग्निपथ’मध्ये त्या अमिताभ बच्चन यांच्या आई होत्या, वयाने त्यांच्याहून लहान असूनही. रीमा लागू यांचा जन्म 1958 चा आणि संजय दत्त यांचा 1959 चा, तरी 1999 च्या ‘वास्तव’मध्ये त्या आई आणि ते मुलगा. चाळिशी ओलांडलेला नट पंचविशीतल्या नायिकेबरोबर प्रेम करत राहतो आणि त्याच्या बरोबरीच्या अभिनेत्रीला त्याची आई करतात, ही या धंद्याची जुनी लबाडी आहे. तिला कलेच्या गरजेचे नाव देऊन कोणी तुम्हाला गप्प करत असेल तर पटवून घेऊ नका. तुम्हाला आलेला राग योग्य आहे.

पण रागाच्या भरात एक गोष्ट नजरेआड होते. शिक्का पात्राच्या वयामुळे कमी बसतो आणि एकच भावना पुन्हा पुन्हा केल्याने जास्त बसतो, असे माझे मत आहे. रीमा लागू यांच्याकडेच पाहा. चित्रपटांतली समजूतदार, मुलावर जीव टाकणारी आई करत असतानाच त्यांनी 1994 च्या सुमारास दूरचित्रवाणीवरच्या विनोदी मालिकांत अशी कामे केली की त्यांच्या टायमिंगसाठी लोक मालिका लावून बसत, आणि त्यांतल्या एका मालिकेत तर त्या सुनेशी रोज खटके उडवणारी सासू होत्या. वयाचा गट बदलला नाही, पात्राचा स्वभाव पार बदलला, आणि म्हणून त्यांचा शिक्का त्यांना कधी पुरता बांधून ठेवू शकला नाही. ललिता पवार यांची गोष्ट तर याहून कठीण आहे. 1942 च्या सुमारास चित्रीकरणातल्या एका दुर्घटनेत त्यांच्या चेहऱ्याला पक्षाघात झाला आणि डाव्या डोळ्यात कायमचा दोष राहिला. नायिका म्हणून चाललेली त्यांची वाटचाल तिथे थांबली. त्यानंतर खाष्ट सासू हा त्यांचा शिक्का झाला खरा, पण 1959 च्या ‘अनाडी’मधल्या मिसेस डीसा पाहा. आवाज तोच करडा, बोलणे तेच फटकळ, आणि त्याच्या आड पोरक्या मुलावरची माया. लोकांना त्यांच्याविषयी जे ठाऊक होते तेच वापरून त्यांनी लोकांना चकित केले, आणि सहायक अभिनेत्रीचा फिल्मफेअर पुरस्कार त्यांना त्या भूमिकेसाठी मिळाला.

शिक्क्याने पोट भरते, हेही प्रामाणिकपणे सांगायला हवे. जगदीश राज यांनी 144 चित्रपटांत पोलीस अधिकारी साकारला आणि त्याची नोंद गिनेस बुकात झाली. ज्याला असे हक्काचे काम हवे असेल त्याने ते ताठ मानेने करावे, त्यात कमीपणा नाही. तुमच्या पत्रावरून मला दिसते की तुम्हाला तेवढ्याने समाधान मिळणार नाही, म्हणून तुमच्यासाठी माझा सल्ला वेगळा आहे.

मालिकेला लगेच नकार देऊ नका. लेखकांना किंवा क्रिएटिव्ह टीमला भेटायची वेळ मागा. पहिल्या काही आठवड्यांचा ट्रॅक, म्हणजे कथानकाचा आराखडा, त्यांच्याकडे लिहून तयार असतोच. या आईला स्वतःसाठी काय हवे आहे, असे त्यांना विचारा. मुलाचे लग्न, मुलाचे सुख, मुलाची काळजी ही उत्तरे आली तर पुन्हा विचारा. नायक घरात नसतो तेव्हा ती काय करते, ती कोणापासून काही लपवते का, तिचा एखादा निर्णय चुकतो का आणि त्याचे परिणाम पुढे दिसतात का, हेही विचारून घ्या. तिचे वय पडद्यावर कसे दाखवणार आहेत, याची चौकशी त्याच बैठकीत करा, कारण कानशिलावर पांढऱ्या रंगाच्या दोन रेघा, जाड काड्यांचा चष्मा आणि हळू चाल एवढ्यावर भागवणार असतील, तर तुमच्यासारख्या अनुभवी अभिनेत्रीला घेण्यामागे त्यांचा विशेष हेतू नाही. ही बाई तरुणपणी आई झाली, अजून नोकरी करते, चिडते, तिची स्वतःची माणसे आहेत, असे काही त्यांच्या मनात असेल तर भूमिका घ्या आणि मन लावून करा. सगळ्या प्रश्नांवर ‘ते पुढे बघू’ एवढेच उत्तर आले, तर ती आई दोन वर्षे दारामागे उभी राहून डोळे पुसणार आहे, असे समजा.

करारातल्या अटी मला भूमिकेइतक्याच महत्त्वाच्या वाटतात. दैनंदिन मालिकेत सहायक कलाकाराला बहुधा दिवसाप्रमाणे पैसे मिळतात आणि तेही काम झाल्यावर सुमारे तीन महिन्यांनी हातात येतात. अशा व्यवस्थेत ‘दुसरे काम घ्यायचे नाही’ ही अट मान्य करायची असेल, तर महिन्याला किमान किती दिवसांचे पैसे नक्की मिळतील हे करारात आले पाहिजे. नाहीतर तुम्ही दोन वर्षे बांधलेल्या राहाल आणि ट्रॅक दुसऱ्या पात्राकडे वळला की महिन्यातले तीन-चार दिवसच बोलावणे येईल. मालिकेने लीप घेतला, म्हणजे कथा एकदम काही वर्षे पुढे नेली, तुमचे पात्र मेले किंवा परगावी गेले, तर किती दिवस आधी कळवणार आणि कराराचे काय होणार, हेही स्पष्ट असावे. सही करण्यापूर्वी मसुदा एखाद्या वकिलाला किंवा कलाकारांच्या संघटनेतल्या जाणत्या माणसाला दाखवा. अटी वाचून दाखवायला सांगणाऱ्या कलाकाराला कोणी कटकटी म्हणत असेल तर म्हणू द्या. जे निर्माते एवढ्यावरून नाराज होतात, ते पैसे देतानाही तसेच वागतात.

चित्रपटातली अधीक्षक बाई मात्र तुम्ही करावी, असे मला ठामपणे वाटते. तुमच्या आजवरच्या भूमिकांकडे पाहा. मैत्रीण आणि जाऊ या नात्यावरून ओळखल्या जाणाऱ्या बायका आहेत, वकील आणि परिचारिका या कामावरून. नात्यावरून लिहिलेल्या स्त्री भूमिकांना वय फार लवकर गाठते, कारण नायिकेची मैत्रीण एका वयानंतर मैत्रीण राहूच शकत नाही. वकील मात्र 37 वर्षांची असू शकते तशी 60 वर्षांचीही, आणि डॉक्टर, न्यायाधीश, मुख्याध्यापिका, संपादक यांचेही तसेच. पुढची 20 वर्षे काम करायचे असेल, तर अधिकार गाजवणारी, स्वतःच्या कामात तरबेज असलेली बाई तुम्ही करू शकता, हे दाखवणारी चार दृश्ये तुमच्या शोरीलमध्ये, म्हणजे निवडक कामाच्या चित्रफितीत, असणे फार मोलाचे आहे. मालिकेतले तीनशे भाग ते दाखवू शकणार नाहीत. शिवाय त्या भूमिकेत अश्रू नसतील तर तुमच्या कामाची खरी परीक्षा होईल. कैद्याशी बोलताना तिचा आवाज बदलतो का, टेबलावरच्या नोंदवहीकडे ती कधी पाहते आणि माणसाकडे कधी, मोठ्या अधिकाऱ्यासमोर ती किती ताठ राहते, हे सगळे तुम्हाला स्वतः शोधावे लागेल. शक्य असेल तर अशा पदावर काम केलेल्या एखाद्या बाईंना भेटा. अधिकार कसा दाखवायचा हे त्यांना विचारून फारसे कळणार नाही. त्या कंटाळतात कधी, ते विचारा.

सहा दिवस मालिकेतून मोकळे मिळवणे अशक्य नाही. दैनंदिन मालिकेत काही भागांचा साठा केलेला असतो, आणि आई सहा दिवस नसली तर लेखक तिला कोणाच्या तरी आजारपणात भेटीला पाठवू शकतात. पण ‘तारखा सांभाळून घेऊ’ या तोंडी आश्वासनावर विसंबू नका, कारण ते देणारा माणूस महिन्याभरात बदलू शकतो. तारखा करारातच लिहून घ्या. मालिकेने त्याला साफ नकार दिला, तर निवड खरोखरच कठीण होईल आणि तिथे मी तुम्हाला शूरपणाचा उपदेश करणार नाही. सहा महिन्यांचा घरखर्च बाजूला असेल, तर चित्रपट करा आणि मालिका सोडा. तेवढी तजवीज नसेल, किंवा घरातले कोणी तुमच्या कमाईवर अवलंबून असेल, तर मालिका घ्या, पण दोनऐवजी एका वर्षाचा करार मागा, आणि त्या वर्षात रंगभूमी, डबिंग किंवा श्राव्य माध्यमातले काम करायची मोकळीक लिहून घ्या. या कामांना निर्मात्यांची सहसा हरकत नसते. दिलीप प्रभावळकर यांना 2006 मधल्या कामांसाठी सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, त्यांतली एक भूमिका महात्मा गांधींची होती. 1993 मध्ये पडद्यावर तात्या विंचू साकारणारा नट हाच. इतकी लांब उडी मारता येते, त्यामागे रंगभूमीवर एकाच प्रयोगात अनेक माणसे उभी करण्याचा त्यांचा सराव आहे.

37 व्या वर्षी उशीर झाला असे वाटत असेल, तर हॉलिवूडच्या अभिनेत्री थेल्मा रिटर यांचे उदाहरण डोळ्यांसमोर ठेवा. 1947 मध्ये त्यांनी पहिला चित्रपट केला तेव्हा त्या पंचेचाळिशीत होत्या आणि भूमिका होती खरेदीला बाहेर पडून दमलेल्या एका आईची, इतकी लहान की श्रेयनामावलीत त्यांचे नावही नव्हते. त्यानंतर मोलकरणी, परिचारिका, शेजारणी करत त्यांनी ऑस्करची 6 नामांकने मिळवली. पुरस्कार एकदाही मिळाला नाही, आणि त्यावाचून त्यांचे काही अडलेही नाही. त्या पडद्यावर आल्या की दृश्यातल्या देखण्या माणसांना खरे बोलणे भाग पडे.

घरच्यांना उत्तर द्यायचे असेल तर पुरस्कारांची यादी ऐकवू नका, तुमचे एखादे जुने दृश्य त्यांना सोबत बसून दाखवा. वकिलाच्या भूमिकेतले असेल तर उत्तम. ते एकदा नेहमीसारखे पाहू द्या, मग पुन्हा लावा आणि कुठे थांबलात, कोणाकडे पाहिले नाहीत, कोणते वाक्य मुद्दाम हळू म्हटलेत हे सांगा. समोरच्या नायिकेचे रडणे तुमच्या कोणत्या शब्दावर सुरू होते, तेही दाखवा. मुख्य भूमिका कधी, हा प्रश्न त्यानंतरही येईल, कदाचित पुढच्याच सणाला येईल. तेव्हा ‘मला माहीत नाही, मिळाली तर नक्की करेन’ असे शांतपणे सांगून टाका. ही इच्छा मनात असण्यात काही वावगे नाही. मात्र तिच्या आशेने आजची भूमिका घेऊ नका आणि तिच्या भीतीने सोडूही नका.

आता क्रम महत्त्वाचा आहे. चित्रपटाच्या निर्मात्यांकडून सहा तारखांचे पत्र आधी मागवा, आणि ठरलेल्या दिवशी पाऊस किंवा परवानगीमुळे चित्रीकरण झाले नाही तर राखीव म्हणून दोन तारखा त्यातच लिहून घ्या. ते पत्र हातात आले की मगच मालिकेच्या बैठकीला जा, ते टेबलावर ठेवा आणि आधी भूमिकेबद्दलचे तुमचे प्रश्न विचारा, पैशांचे बोलणे त्यानंतर करा.